राहूची जात कोणी ठरवली?



ग्रहणाच्या दिवशी तुमच्या घरात काय चालते, हे आज स्वतःशीच एकदा तपासून पाहा. धम्मदीक्षा घेतली, देव्हारा गेला, भिंतीवर भगवान बुद्ध आणि परमपूज्य बाबासाहेबांच्या तसबिरी आल्या. सकाळ-संध्याकाळ त्रिसरण-पंचशील होते. पण पंचांगात ग्रहण आले की शेजारीण दारातूनच बजावते, "सुनेला विळीला हात लावू देऊ नका हो." मग आजी कोणाच्या नकळत पाण्याच्या कळशीत तुळशीचे पान टाकते, सकाळचा उरलेला भात कोंबड्यांना जातो आणि पोटुशी सून अंधाऱ्या खोलीत उपाशी पडून राहते. कुडाळ तालुक्यातल्या कुठल्याही वाडीत हे दिसेल. आजीला दोष देऊ नका. तिच्या कानावर लहानपणापासून जे पडले तेच ती करते. पण ते तिच्या कानावर कोणी घातले आणि त्याची किंमत कोणी मोजली, हे तुम्हाला माहीत असले पाहिजे.

आपल्या वाडवडिलांच्या पिढीला ग्रहणातली एक आरोळी ठाऊक होती. "दे दान, सुटे गिराण!" गिराण म्हणजे ग्रहण. सूर्याला किंवा चंद्राला ग्रासले की ही आरोळी ठोकत महार आणि मांग समाजातली माणसे सवर्णांच्या दारोदार फिरत. कोणी मूठभर धान्य टाकी, कोणी जुनेर, कोणी एखादे नाणे. ते हातात देत नसत, वरून टाकत. पण ग्रहण सुटावे म्हणून भीक मागायची ती आमच्याच माणसांनी का? राहू आणि केतू हे महार-मांगांच्या जातीचे, अशी समजूत होती म्हणून! या जातीच्या माणसाला दान दिले की त्याचा आकाशातला भाऊबंद संतुष्ट होतो आणि सूर्याला सोडतो. इंग्रजी अमदानीत सरकारी अधिकाऱ्यांनी कोकणातल्या आणि देशावरच्या लोकसमजुती टिपून ठेवल्या, त्यांत ही समजूत आणि ही आरोळी दोन्ही नोंदलेल्या आहेत.

राहूची पुराणातली कथा तुम्ही जत्रेतल्या दशावतारात किंवा कीर्तनात ऐकली असेल. समुद्रमंथनातून अमृत निघाले. देवांच्या पंगतीत एक असुर वेष पालटून बसला आणि अमृत प्याला. सूर्य-चंद्रांनी चहाडी केली, विष्णूने त्याचे मुंडके उडवले. अमृत घशात उतरले होते म्हणून मुंडके मेले नाही, तो राहू. धड राहिले, तो केतू. तेव्हापासून राहू सूर्य-चंद्रांचा सूड घेतो. आता या कथेतला गुन्हा नीट बघा. परक्याने पंगतीत बसून आपल्या वाट्याला नसलेली वस्तू तोंडाला लावली, आणि शिक्षा म्हणून त्याचा शिरच्छेद झाला. महाडच्या तळ्यावर २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी ओंजळभर पाणी प्यायले तेव्हा काय झाले हे ज्यांना ठाऊक आहे, त्यांना राहूला कोणत्या जातीत घातले आणि का घातले हे फोड करून सांगायला नको.

एकाच ग्रहणात दोन प्रकारची दाने होत, हेही लक्षात घ्या. नदीवर स्नान करून मंत्रोच्चारात भटजींना दिलेले दान हे पुण्याचे. दाराबाहेर उभ्या असलेल्या महाराला टाकलेले दान हे पीडा टाळण्याचे. एकाच्या हातून पुण्य मिळवायचे आणि दुसऱ्याच्या पदरात पाप टाकायचे. आमची माणसे त्या दिवशी गावची पीडा गोळा करीत हिंडत होती, आणि त्यालाच आपला हक्क समजत होती.

आता खरा प्रश्न. ज्यांनी पंचांगे तयार केली, त्यांचा तरी या राहूवर विश्वास होता काय?

पंचांग उघडा. ग्रहणाचा स्पर्श किती वाजता, मध्य किती वाजता, मोक्ष किती वाजता, सारे वर्षभर आधी छापलेले असते. सूड घ्यायला निघालेला राक्षस घड्याळ बघून येतो काय? वेळेच्या आधी नाही, नंतर नाही, आणि दान कमी पडले म्हणून क्षणभरही जास्त थांबत नाही! ज्याने हे गणित मांडले, त्याला ग्रहण कशाने होते हे ठाऊक असलेच पाहिजे. आणि ते होतेच. इसवी सन ४९९ मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी आर्यभटाने आपला ग्रंथ लिहिला. चंद्र सूर्याला झाकतो ते सूर्यग्रहण, पृथ्वीची छाया चंद्राला झाकते ते चंद्रग्रहण, हे त्याने स्वच्छ सांगितले. पृथ्वी स्वतःभोवती फिरते म्हणून तारे पश्चिमेकडे जाताना दिसतात, नावेत बसलेल्याला काठावरची झाडे मागे जाताना दिसतात तसे, हेही त्यानेच सांगितले. पुढच्या कित्येक टीकाकारांना पृथ्वीचे हे फिरणे सोसले नाही. त्यांनी त्याच्या शब्दांचा अर्थच फिरवला.

सहाव्या शतकातला वराहमिहिर हाही छायेचेच कारण देतो, राहू हे कारण नव्हे असे म्हणतो, आणि त्याच अध्यायात कोणत्या महिन्यातल्या ग्रहणाने कोणत्या लोकांवर संकट येते याची लांबण लावतो. ज्ञान एका ओळीत, धंदा पन्नास ओळींत!

पण सर्वांत विचार करायला लावणारा मनुष्य म्हणजे ब्रह्मगुप्त. भिल्लमाळ येथे, म्हणजे आजच्या राजस्थानातल्या भीनमाळला, इसवी सन ६२८ मध्ये त्याने 'ब्राह्मस्फुटसिद्धान्त' लिहिला. वय अवघे ३० वर्षे. शून्याचे नियम मांडणारा हा थोर गणिती. छाया किती लांब, चंद्रबिंब केवढे, ग्रहण किती वेळ टिकेल, सारे तो बिनचूक पद्धतीने काढतो. आणि तोच ब्रह्मगुप्त आर्यभट आणि वराहमिहिर यांच्यावर तुटून पडतो. राहू नाही असे म्हणाल तर वेद आणि स्मृती यांच्या विरुद्ध जाल, ग्रहणकाळातले स्नान, होम, दान यांचे पुण्य खोटे ठरेल, असा त्याचा मुद्दा. मग तो मधला मार्ग काढतो: ब्रह्मदेवाच्या वराने राहू त्या छायेत शिरतो, म्हणून राहूही खरा आणि गणितही खरे!

त्याच्या म्हणण्यातली सचोटी बघा, किंवा तिचा अभाव बघा. राहू आकाशात दिसतो, असे तो म्हणत नाही. राहू नसेल तर दानाचे काय, असे तो विचारतो.

सुमारे १०३० साली अल्-बिरुनी या मुसलमान पंडिताने हिंदुस्थानावर मोठा ग्रंथ लिहिला. तो संस्कृत शिकला होता, ज्योतिषात स्वतः अधिकारी होता. ब्रह्मगुप्ताचे हे बोलणे वाचून तो चक्रावला. इतका जाणता मनुष्य आपल्या मनाविरुद्ध असे का लिहितो? त्याने तर्क केला की, सॉक्रेटिसावर ओढवला तसा काही घोर प्रसंग या तरुणावर आला असावा. सत्य बोलल्याबद्दल सॉक्रेटिसाला अथेन्समध्ये विष प्यावे लागले होते. अल्-बिरुनीचा हा तर्क खरा की खोटा याला पुरावा नाही. मला तर वाटते, विषाच्या प्याल्याची गरजच पडली नसेल. पंगत पुरे झाली असेल.

इथे थोडे थांबून, ग्रहण प्रत्यक्षात कसे होते ते घरातल्या मुलांना करून दाखवा. रात्री एक दिवा मेजावर ठेवा. तो सूर्य. एक सोललेला नारळ घ्या, ती पृथ्वी. एक लिंबू, तो चंद्र. पृथ्वीच्या मानाने चंद्र साधारण चौथाईइतक्या व्यासाचा आहे, तेव्हा नारळ आणि लिंबू यांचे माप बरे जमते. मुलाला एक डोळा मिटून लिंबू दिव्याच्या आड धरायला सांगा. एवढेसे लिंबू पुरा दिवा झाकते. सूर्याचा व्यास चंद्राच्या सुमारे ४०० पट, पण तो आहेही सुमारे ४०० पट दूर, म्हणून आपल्याला दोघे सारखेच दिसतात आणि एक दुसऱ्याला झाकू शकतो. आता लिंबू नारळाच्या पाठीमागे, त्याच्या सावलीत न्या. ते चंद्रग्रहण. पहिले फक्त अमावास्येला होऊ शकते, दुसरे फक्त पौर्णिमेला.

हुशार मूल लगेच विचारील, मग दर अमावास्येला ग्रहण का नाही? त्याला शाबासकी द्या, कारण प्रश्न खरोखरच उत्तम आहे. आईच्या हातातल्या दोन बांगड्या घ्या, एकीत एक घाला आणि थोड्या तिरक्या धरा. एक बांगडी म्हणजे आकाशात सूर्य जिच्यावरून जाताना दिसतो ती वाट, दुसरी चंद्राची वाट. दोन्हींमध्ये साधारण ५ अंशांचा तिरकेपणा आहे. त्या दोनच जागी एकमेकींना छेदतात, समोरासमोर. सूर्य आणि चंद्र या छेदाच्या जागांजवळ असताना अमावास्या किंवा पौर्णिमा आली तरच ग्रहण होते, एरवी चंद्र सूर्याच्या किंवा सावलीच्या वरून अथवा खालून निसटून जातो. या दोन जागांना ज्योतिषगणितात पात म्हणतात. आणि त्यांचीच नावे राहू आणि केतू! ना मुंडके, ना धड, ना जात. गणितातले दोन बिंदू. ते स्थिर नसतात, सुमारे १८.६ वर्षांत आकाशाची एक फेरी पुरी करतात. गणित्यांनी राक्षसाचे शरीर टाकून दिले आणि त्याचे नाव तेवढे ठेवले. पण हे दारात उभ्या असलेल्या माणसाला कोणी सांगितले नाही. त्याने आपल्या जातीच्या राक्षसासाठी हात पसरावेत, हीच व्यवस्था चालू राहिली.

युरोपात विज्ञान आणि धर्म यांची टक्कर उघड झाली. १५४३ साली कोपर्निकसचा ग्रंथ आला, १६०० साली ब्रूनोला रोममध्ये जाळले, २२ जून १६३३ रोजी ६९ वर्षांच्या गॅलिलिओला गुडघे टेकायला लावून पृथ्वी फिरत नाही असे त्याच्याकडून वदवून घेतले. मरेपर्यंत तो नजरकैदेत राहिला. आपल्या चुकीची कबुली द्यायला चर्चला १९९२ साल उजाडावे लागले. आपल्याकडचे विद्वान अभिमानाने सांगतात, आमच्या देशात कोणा ज्योतिषाला जाळले नाही. मग ते सहिष्णुतेचे लक्षण काय? आर्यभटाला जाळायची गरज नव्हती, त्याच्या शब्दाचा अर्थ बदलला की भागत होते. आकाशाविषयी तुम्ही काय वाटेल ते म्हणा, दान आणि पंगत यांना धक्का लावू नका, असा तो करार होता.

हा करार इंग्रजी अमदानीतही मोडला नाही. १८३६ साली माळव्यात सिहोर येथे सुबाजी बापू नावाच्या ज्योतिषाने मराठीत 'सिद्धान्तशिरोमणिप्रकाश' लिहिला. पुराणातली सपाट पृथ्वी आणि मेरू पर्वत खरे नव्हेत, आपल्याच सिद्धान्तग्रंथांचे गणित खरे, आणि त्यापुढे युरोपचे गणित आहे, असे त्याने सांगितले. पुण्याहून त्याला उत्तर आले. उत्तराच्या पुस्तकाचे नाव 'अविरोधप्रकाश'. म्हणजे पुराण आणि ज्योतिष यांच्यात विरोधच नाही! हजार-बाराशे वर्षांनी पुन्हा तोच ब्रह्मगुप्ताचा तोडगा.

आपल्या जिल्ह्यातला दाखला घ्या. देवगड तालुक्यातल्या पोंभुर्ल्याचे बाळशास्त्री जांभेकर, 'दर्पण'चे संपादक, हे मुंबईच्या कुलाबा वेधशाळेचेही प्रमुख होते. वेधशाळेत बसून आकाशाच्या नोंदी ठेवल्या म्हणून त्यांना कोणी त्रास दिला नाही. पण १८४३ साली ख्रिस्ती मिशनऱ्यांकडे राहून आलेल्या श्रीपत शेषाद्री या मुलाला प्रायश्चित्त देऊन परत जातीत घ्यावे म्हणून ते उभे राहिले, तेव्हा सनातन्यांनी त्यांच्यावर बहिष्कार घातला. कलह कुठे पेटतो हे यावरून कळते. ताऱ्यांवरून नाही, ताटावरून!

तुम्ही म्हणाल, हे इतिहासाचे झाले, पण आमची मुले तर गोष्टी वाचतात, नाटके-चित्रपट पाहतात, त्यांतले काय खरे मानायचे? प्रश्न योग्य आहे. युरोपात ज्योतिर्विदांवर पुष्कळ कादंबऱ्या-नाटके झाली. ब्रेख्त या जर्मन नाटककाराने गॅलिलिओवर नाटक लिहिले. पहिला खर्डा १९३८-३९ चा. १९४५ साली जपानवर अणुबॉम्ब पडल्यावर त्याने ते फिरवून लिहिले आणि छळाच्या भयाने शब्द फिरवणाऱ्या गॅलिलिओला जास्त दोषी धरले. गॅलिलिओ तोच, काळ बदलला आणि लेखकाचा प्रश्न बदलला. असे लिखाण वाईट नाही. ते वाचताना लेखकाची कल्पना कोणती आणि नोंद कोणती हे ओळखता आले म्हणजे झाले. माफी मागून उठताना गॅलिलिओ पुटपुटला, "तरीही ती फिरतेच", ही गोष्ट जगभर सांगतात. त्याच्या काळच्या कुठल्या कागदात ती नाही. ती छापून आली शंभरावर वर्षांनी. ब्रूनोवरचे आरोपही मुख्यतः धर्ममतांचे होते, नुसते ताऱ्यांचे नव्हते.

ब्रह्मगुप्तावर कोणी मराठीत नाटक लिहील तर मी पहिल्या रांगेत बसून बघेन. तीस वर्षांचा तरुण, समोर छायेचे गणित पुरे झालेले, आणि आता राहूविषयी काय लिहावे या विचारात लेखणी थबकलेली. एवढा प्रसंगच नाटकाला पुरेसा आहे. पण लेखकाला माझी एक विनंती राहील. बाहेरच्या अंधारात "दे दान" म्हणत जाणारा एक आवाज त्यात असू दे. ती प्रथा सातव्या शतकात होती असा पुरावा मी देऊ शकत नाही. नाटककाराला तेवढी मुभा असते, आणि त्या निर्णयाचे ओझे पुढे कोणाच्या डोक्यावर आले हे त्याशिवाय प्रेक्षकाला दिसणार नाही. आपल्याकडे दशावतारी कलावंताविषयी म्हणतातच, रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा. कथेतला राजा आणि बोजा वाहणारा मनुष्य हे दोघे एकदम दिसले पाहिजेत.

हीच कसोटी आपल्या आवडत्या गोष्टींनाही लावा. विजयदुर्ग किल्ल्यावर काही चौथरे आहेत, त्यांना लोक 'साहेबाचे ओटे' म्हणतात. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात लॉकियर या इंग्रज शास्त्रज्ञाने तिथे दुर्बीण लावून हेलियम वायूचा शोध लावला, असे सांगतात. अलीकडे १८ ऑगस्टला तिथे हेलियम दिवसही साजरा होतो. आपल्या जिल्ह्याचा गौरव कोणाला नको? पण नोंदी वेगळे सांगतात. विजयदुर्ग त्या ग्रहणाच्या खग्रास पट्ट्यात होता हे खरे. परंतु लॉकियर त्या वेळी हिंदुस्थानात नव्हता. फ्रान्सचा जान्सेन आंध्रात गुंटूर येथे होता, आणि सूर्याच्या कडेवरच्या ज्वाळांच्या प्रकाशरेषा त्याला इतक्या ठळक दिसल्या की दुसऱ्या दिवशी ग्रहण नसतानाही त्याने त्या पाहिल्या. लॉकियरने २० ऑक्टोबर १८६८ रोजी इंग्लंडमधूनच, ग्रहणाशिवाय, त्या रेषा टिपल्या. त्यांतली एक पिवळी रेषा कोणत्याही माहीत असलेल्या मूलद्रव्याची नव्हती, ती हेलियमची ठरली. पृथ्वीवर हेलियम सापडला १८९५ साली, रॅमसेच्या हाती. त्याच १८६८ च्या ग्रहणात मद्रास वेधशाळेचे चिंतामणी रघुनाथाचारी हे हिंदी ज्योतिर्विद वनपर्ती येथे स्वतंत्र तुकडी घेऊन वेध घेत होते. साहेबाच्या ओट्यापेक्षा मुलांना ही गोष्ट सांगावी असे मला वाटते, कारण ती खरी आहे.

आणि कसोटी लावायचीच तर आपल्या घरापासून लावली पाहिजे. आपल्या त्रिपिटकातही राहू आहे! संयुत्त निकायात दोन लहान सुत्ते आहेत, चंदिम आणि सुरिय. त्यांत राहू चंद्राला आणि सूर्याला धरतो, ते भगवान बुद्धांना शरण जातात, आणि बुद्धांचे नाव ऐकून राहू त्यांना घाबरून सोडतो. काही बौद्ध देशांत ही सुत्ते परित्राण म्हणून म्हटलीही जातात. उद्या कोणी तुम्हाला सांगेल, बघा, तुमचा बुद्धही राहू मानत होता. गडबडून जाऊ नका, आणि ती सुत्ते नाहीतच असे खोटेही बोलू नका. केसपुत्तच्या कालामांना तथागतांनी काय सांगितले ते आठवा: परंपरेने आले म्हणून, ग्रंथात आहे म्हणून, बोलणारा आपला गुरू आहे म्हणून मानू नका. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बुद्धवचन ओळखण्याची कसोटी दिली आहे, जे बुद्धीला आणि तर्काला धरून असेल तेच बुद्धांचे मानावे. राहूची सुत्ते या कसोटीवर उतरत नाहीत. उलट दीघ निकायात, चंद्रग्रहण होईल, सूर्यग्रहण होईल, त्याचे फळ अमुक मिळेल, असे भाकीत सांगून पोट भरणे हे श्रमणाला न शोभणाऱ्या हीन विद्यांत मोडले आहे. ही सुत्ते आणि ती यादी एकाच पिटकात आहेत. निवड आपल्याला करायची आहे.

आता सुनेचा प्रश्न, कारण त्यात जिवाचा संबंध आहे. दुभंगलेल्या ओठाचे मूल जन्माला आले की लोक म्हणतात, आईने ग्रहण पाळले नाही. त्या माउलीला जन्मभर हा बोल लागतो. वास्तविक गर्भ दीड-दोन महिन्यांचा होईपर्यंत ओठाचे भाग जुळून यायचे असतात. ते जुळले नाहीत तर ओठ दुभंगलेला राहतो. त्याची कारणे काही आनुवंशिक, काही अन्य आहेत. विळीचा आणि सावलीचा त्यात काहीएक संबंध नाही. जगात दरवर्षी असंख्य मुले अशी जन्मतात, तिथे ग्रहण असो वा नसो. शस्त्रक्रियेने तो ओठ उत्तम जुळतो. पोटुशीला पाच-सहा तास अन्नपाण्यावाचून ठेवणे मात्र खरेच घातक ठरू शकते, विशेषतः तिला मधुमेह किंवा अशक्तपणा असेल तर. तिला जेवू द्या, हवे तेवढे पाणी पिऊ द्या. आजीशी भांडू नका. तिला अंगणात खुर्ची द्या आणि नातवंडांबरोबर बसवा.

१६ फेब्रुवारी १९८० च्या सूर्यग्रहणात खग्रास छाया आपल्या दक्षिणेला अंकोल्याच्या किनाऱ्यावरून देशात शिरली. कुडाळात सूर्य पुरा झाकला गेला नाही, पण बराचसा झाकला गेला. त्या दुपारी देशातल्या मोठमोठ्या शहरांचे रस्ते ओस पडले होते, शिकलेली माणसे खिडक्या लावून बसली होती. तो प्रसंग आपल्या हातून गेला. पुढचे जाऊ नयेत.

२ ऑगस्ट २०२७ रोजी दुपारनंतर आपल्याकडे खंडग्रास सूर्यग्रहण आहे. कोकणातला ऑगस्ट, तेव्हा राहूपेक्षा पाऊस जास्त आडवा येईल! उघडीप मिळाली तर बघा, पण उघड्या डोळ्यांनी सूर्याकडे पाहू नका. यात अंधश्रद्धा नाही. सूर्याच्या प्रकाशाने डोळ्याचा पडदा जळतो आणि जळताना दुखत नाही, म्हणून उशिरा कळते. काजळी धरलेली काच, एक्स-रेची फिल्म, शेणकाल्याचे पाणी, यांतले काही चालत नाही. ग्रहणासाठी तयार केलेले, प्रमाणित चष्मे मिळतात ते वापरा. त्याहून सोपे म्हणजे पुठ्ठ्याला सुईने भोक पाडा, सूर्याकडे पाठ करून उभे राहा आणि भोकातून येणारा कवडसा भिंतीवर घ्या. फणसाच्या किंवा आंब्याच्या झाडाखाली गेलात तर पुठ्ठाही नको. पानांच्या फटींतून पडणारा प्रत्येक कवडसा त्या वेळी कोयरीसारखा झालेला दिसतो.

चंद्रग्रहणाला तर कसलाच धोका नाही. ३१ डिसेंबर २०२८ च्या रात्री खग्रास चंद्रग्रहण आहे, आणि डिसेंबरात आपले आकाश निरभ्र असते. साडेआठच्या पुढे चंद्राची कड काळवंडू लागेल, पावणेदहाच्या सुमारास तो पूर्ण छायेत जाईल आणि विझून न जाता तांब्याच्या तांबड्या रंगाचा दिसेल. पृथ्वीच्या वातावरणातून वळून गेलेला तांबडा प्रकाश त्याच्यावर पडतो, म्हणून. मुलांना वही-पेन्सिल घेऊन अंगणात बसवा. दर पंधरा मिनिटांनी छायेची कड चंद्रावर कशी दिसते ते गोल काढून त्यात रेखाटायला सांगा. कड सरळ आहे की वाकलेली, आणि वाकलेली असेल तर का, हे त्यांनी कोणाला न विचारता वहीत लिहावे. ती पाने पुढच्या रविवारी विहारातल्या अभ्यासवर्गात घेऊन या.